सुईची शिस्त
इंजेक्शन व सलाईन देताना परिचारिकेने पाळावयाची दक्षता आणि नागरिकांचे कर्तव्य

ताप घेऊन दवाखान्यात आलेल्या रुग्णाच्या हाती गोळ्या पडल्या की पुष्कळदा त्याचा चेहरा उतरतो. ‘एक सुई टोचली असती तर आजच उतार पडला असता,’ असे तो मनात म्हणतो, आणि काही वेळा उघडपणे बोलूनही दाखवितो. सुईवरील ही श्रद्धा खेड्यापाड्यांत फार जुनी आहे. धनुर्वात, घटसर्प, गोवर यांसारख्या रोगांपासून लसीच्या सुईने लक्षावधी बालके वाचविली, तेव्हा ती श्रद्धा अगदीच निराधार आहे असे म्हणता येणार नाही. तथापि, जी सुई प्राण वाचविते तीच हलगर्जीपणाने वापरली तर रोगाची वाहक बनते, हेही तितकेच खरे आहे. म्हणून सुई कोणी, कशी, कोठे व किती सावधपणे टोचावी, याचे शास्त्र परिचारिकांनी अंगी बाणवावे आणि सामान्य नागरिकांनीही समजून घ्यावे, हे अगत्याचे आहे.

पूर्वपीठिका

शरीरात सुईवाटे औषध घालण्याची विद्या पावणेदोनशे वर्षांची आहे. १८४४ मध्ये डब्लिन येथे फ्रान्सिस रिंड यांनी पोकळ सुईचा वापर केला. १८५३ मध्ये फ्रान्समध्ये प्राव्हाझ यांनी आणि एडिंबरो येथे अलेक्झांडर वुड यांनी सिरिंजचा वापर पुढे नेला. शिरेतून क्षारयुक्त पाणी देण्याचा प्रयोग तर त्याहूनही आधीचा. १८३२ च्या पटकीच्या साथीत स्कॉटलंडमधील डॉ. थॉमस लॅटा यांनी मरणोन्मुख रुग्णांच्या शिरेत मिठाचे पाणी सोडले आणि त्यांपैकी काहींना जीवदान मिळाले. आजच्या सलाईनच्या बाटलीचा उगम तेथे आहे.

एके काळी काचेची सिरिंज आणि पोलादी सुई उकळून पुन्हापुन्हा वापरीत. उकळण्यात थोडी जरी कसूर झाली तरी एका रुग्णाचा रोग दुसऱ्यास जडे. पुढे एकदाच वापरून टाकावयाच्या प्लॅस्टिकच्या सिरिंजा आल्या. त्यानंतर एका वापरानंतर दट्ट्या आपोआप अडकून बसेल अशी सिरिंज निघाली आणि भारताच्या सार्वत्रिक लसीकरण कार्यक्रमात तिचाच स्वीकार झाला. साधने सुधारली, तरी ती वापरणारा हात सुधारला नाही तर धोका टळत नाही.

धोक्याची साक्ष

२००९ च्या आरंभी गुजरातेतील साबरकांठा जिल्ह्यात मोडासा व आसपासच्या परिसरात ‘ब’ प्रकारच्या काविळीची तीव्र साथ उद्भवली. शेकडो लोक आजारी पडले आणि ऐंशीहून अधिक दगावले. वापरलेल्या सुया व सिरिंजा पुन्हा वापरात आल्या, हे या साथीचे प्रमुख कारण मानले गेले. किरकोळ दुखण्यासाठी सुई टोचून घ्यावयास गेलेली धडधाकट माणसे यकृताचा रोग घेऊन घरी परतली. त्याच दशकाच्या आरंभी भारतात झालेल्या एका व्यापक पाहणीत असे आढळले होते की, देशात वर्षाला सुमारे ३०० कोटी इंजेक्शने दिली जातात आणि त्यांतील सुमारे ६३ टक्के कोणत्या ना कोणत्या दृष्टीने असुरक्षित असतात. त्यांतील बहुसंख्य इंजेक्शने आजार बरा करण्याच्या हेतूने दिली जात होती. लसीकरणाचा वाटा त्या मानाने अल्प होता.

‘ब’ व ‘क’ प्रकारची कावीळ आणि एच.आय.व्ही. हे तिन्ही विषाणू रक्तावाटे पसरतात. सुईच्या टोकावर डोळ्यांना न दिसणारा रक्ताचा अंश उरला तरी तो संसर्गास पुरेसा ठरतो. सुई नवी पण सिरिंज जुनी, हा प्रकारही तितकाच घातक होय, कारण रक्ताचा अंश सिरिंजच्या पोकळीतही शिरतो. ‘एक रुग्ण, एक सुई, एक सिरिंज, आणि तीही एकदाच’ या नियमाला अपवाद नाही.

टोचण्यापूर्वीचा विचार

सुई हाती घेण्यापूर्वी परिचारिकेने सहा गोष्टींची खातरजमा करावयाची असते : योग्य रुग्ण, योग्य औषध, योग्य मात्रा, योग्य मार्ग, योग्य वेळ आणि योग्य नोंद. ही सहा नावे पाठ करणे सोपे आहे. रात्रपाळीत चाळीस खाटा एकटीने सांभाळताना ती पाळणे कठीण असते, आणि नेमकी तेव्हाच त्यांची गरज भासते.

रुग्णाची ओळख पटविताना ‘आपण लक्ष्मीबाई ना?’ असे विचारू नये. ऐकू कमी येणारा, गुंगीत असलेला किंवा संकोची रुग्ण कोणत्याही नावाला मान डोलावतो. ‘आपले पूर्ण नाव काय?’ असे विचारावे आणि उत्तर केसपेपरशी ताडून पाहावे. एकाच कक्षात एकाच नावाच्या दोघी असणे खेड्यातील रुग्णालयात काही दुर्मीळ नाही. त्यानंतर पूर्वी कोणत्या औषधाने अंगावर पित्त उठले होते काय, श्वास कोंडला होता काय, हे अवश्य विचारावे.

औषधाची चिठ्ठी तीन वेळा वाचावी : कपाटातून काढताना, सिरिंजमध्ये भरताना आणि रुग्णाच्या खाटेजवळ. नावात साम्य असलेली आणि एकसारख्या दिसणाऱ्या कुप्यांत येणारी औषधे पुष्कळ आहेत. केवळ रंगावरून किंवा जागेवरून औषध उचलणे म्हणजे अंधारात पाऊल टाकणे होय. मुदतीची तारीख पाहावी. द्रावण गढूळ झाले असेल, त्यात कण दिसत असतील किंवा कुपीला तडा गेला असेल तर ते वापरू नये. वैद्यकीय अधिकाऱ्यांचे अक्षर लागत नसेल तर अंदाज न बांधता सरळ विचारावे. असे विचारण्यात परिचारिकेला कमीपणा नाही.

मात्रेचे गणित

मात्रा काढण्याची रीत सोपी आहे. जितके औषध हवे त्याला कुपीतील औषधाने भागावे आणि कुपीतील द्रवाच्या मापाने गुणावे. उदाहरणार्थ, जेंटामायसिनच्या कुपीत २ मि.लि. द्रवात ८० मि.ग्रॅ. औषध आहे आणि बालकाला ३० मि.ग्रॅ. द्यावयाचे आहे. ३० भागिले ८०, गुणिले २, म्हणजे ०.७५ मि.लि. दशांशचिन्हाआधीचे शून्य लिहिण्यास विसरू नये. ‘.५’ असे लिहिल्यास बिंदू पुसट होऊन ‘५’ वाचले जाते आणि मात्रा दसपट होते. बालकांची मात्रा, इन्सुलिन, रक्त न गोठण्याची औषधे आणि पोटॅशियम यांचे गणित दोघींनी स्वतंत्रपणे करून पडताळावे.

इन्सुलिनविषयी विशेष सावधगिरी हवी. आपल्या देशात १ मि.लि. मध्ये ४० एकके असलेल्या कुप्या मिळतात आणि १०० एकके असलेल्याही मिळतात. त्यांच्या सिरिंजा वेगवेगळ्या असतात. १०० एककांच्या कुपीतील इन्सुलिन ४० एककांच्या सिरिंजने भरले तर मात्रा अडीचपट होते आणि रुग्ण साखर उतरून बेशुद्ध पडू शकतो. उलट प्रकार झाला तर हवे त्याच्या दोनपंचमांशच औषध जाते आणि साखर चढतीच राहते. घरी स्वतः इन्सुलिन टोचून घेणाऱ्या रुग्णांनीही कुपीवरील आणि सिरिंजवरील आकडा एकच आहे ना, हे प्रत्येक वेळी पाहावे.

हात, कुपी आणि त्वचा

साबण व वाहत्या पाण्याने ४० ते ६० सेकंद हात धुणे हा सर्व दक्षतेचा पाया होय. हात मळलेले नसतील तर अल्कोहोलयुक्त द्रावण २० ते ३० सेकंद चोळल्यानेही भागते. हातमोजे घातले म्हणून हात धुण्यातून सुटका होत नाही. कुपीचे रबरी बूच अल्कोहोलने पुसून वाळू द्यावे आणि मगच सुई घालावी. वारंवार औषध काढता यावे म्हणून बुचात एक सुई रोवून ठेवण्याची पद्धत काही ठिकाणी दिसते. ती तात्काळ बंद झाली पाहिजे, कारण त्या सुईवाटे जंतूंना कुपीत जाण्याची वाट सदैव खुली राहते. अनेक मात्रांची कुपी उघडल्यावर तिच्यावर तारीख व वेळ लिहावी. बीसीजी व गोवर-रुबेला या लसी द्रावणात मिसळल्यानंतर चार तासांत वापरल्या नाहीत तर टाकून द्याव्यात. त्या लसीबरोबर आलेलेच द्रावण वापरावे, दुसरे कोणतेही नव्हे.

त्वचा पुसल्यानंतर ती वाळेपर्यंत थांबावे. ओल्या स्पिरिटवर सुई टोचली तर जंतू पुरते मरत नाहीत आणि रुग्णाला आगही होते.

मार्ग आणि जागा

सुईचा कोन औषधाच्या मार्गावर अवलंबून असतो. त्वचेच्या थरातच द्यावयाचे औषध, जसे बीसीजी, सुई जवळजवळ आडवी धरून म्हणजे १० ते १५ अंशांत देतात. तेथे लहानसा फुगवटा उठला म्हणजे औषध योग्य जागी गेले असे समजावे. त्वचेखाली द्यावयाचे औषध सामान्यतः ४५ अंशांत देतात, तर स्नायूत द्यावयाचे ९० अंशांत. लहान बालकांना स्नायूतील सुई मांडीच्या पुढच्या-बाहेरच्या भागात द्यावी. प्रौढांना थोड्या मात्रेसाठी खांद्याखालील स्नायू चालतो.

नितंबावर कोठेही सुई टोचणे धोक्याचे आहे. त्या भागातून पायाकडे जाणारा मोठा मज्जातंतू जातो. त्याला इजा झाली तर पाय लुळा पडतो, आणि चालता येणारे मूल सुईनंतर लंगडत घरी जाते. नितंबाचा वापर करावयाचाच झाल्यास कमरेच्या हाडाच्या कडेचा बाजूचा भाग अधिक सुरक्षित मानला जातो. त्याच जागी वारंवार सुई न देता जागा बदलत राहावी.

पेनिसिलीनसारखे औषध किंवा लस दिल्यावर रुग्णाला सुमारे अर्धा तास बसवून ठेवावे. त्या अवधीत अंगावर गांध्या उठणे, श्वास लागणे, घाम फुटून नाडी क्षीण होणे अशी लक्षणे दिसली तर क्षणाचाही विलंब घातक ठरतो. अॅड्रेनॅलिनची कुपी हाताशी असावी. प्रौढास १ मि.लि. मध्ये १ मि.ग्रॅ. असलेल्या औषधाचे अर्धा मि.लि. मांडीच्या बाहेरच्या स्नायूत लगेच द्यावे आणि वैद्यकीय अधिकाऱ्यास पाचारण करावे. जेथे अॅड्रेनॅलिन नाही तेथे पेनिसिलीनची सुईही टोचू नये.

शिरेतून औषध व सलाईन

शिरेत गेलेले औषध अवघ्या काही क्षणांत हृदयापर्यंत पोहोचते. पोटात गेलेली गोळी वांतीवाटे काही अंशी बाहेर काढता येते, पण शिरेत गेलेला थेंब परत आणता येत नाही. म्हणून येथे घाई सर्वस्वी वर्ज्य होय. पुष्कळ औषधे विरळ करून अनेक मिनिटांत सावकाश द्यावी लागतात. पोटॅशियम क्लोराईड हे तर विरळ न करता कधीही शिरेत सोडू नये. त्यामुळे हृदय जागच्या जागी बंद पडू शकते. त्याच्या कुप्या इतर औषधांत न ठेवता वेगळ्या, ठळक चिठ्ठी लावलेल्या पेटीत ठेवाव्यात.

शिरेत बसवावयाची नळी शक्यतो हाताच्या खालच्या भागात, सांध्यापासून दूर बसवावी आणि तिच्या पट्टीवर तारीख व वेळ लिहावी. औषध सोडण्यापूर्वी नळीचे तोंड अल्कोहोलने सुमारे १५ सेकंद घासून पुसावे. प्रत्येक पाळीत ती जागा पाहावी. लाली, सूज, ठणका किंवा शीर दोरीसारखी कडक लागणे यांपैकी काही आढळल्यास नळी लगेच काढावी. ‘सकाळपर्यंत चालेल’ असे म्हणून ठेवलेली नळी पुढे पू धरते आणि जंतू रक्तात भिनण्याचे कारण होते.

थेंबांची गती हेही गणितच आहे. साध्या संचात पुष्कळदा २० थेंबांचा १ मि.लि. होतो. मात्र संचाच्या वेष्टनावरील आकडा पाहून मगच गणित करावे. ५०० मि.लि. ची बाटली ८ तासांत द्यावयाची असेल तर ५०० गुणिले २० म्हणजे १०,००० थेंब ४८० मिनिटांत जावयास हवेत. म्हणजे मिनिटाला सुमारे २१ थेंब. घड्याळ समोर धरून पूर्ण एक मिनिट थेंब मोजावेत. वृद्ध, हृदयविकारी आणि बालके यांना बाटली भरभर गेली तर फुप्फुसांत पाणी साठते. नातेवाईकांनी ‘बाटली लवकर संपावी’ म्हणून चक्री सैल करणे किती घातक आहे, हे यावरून ध्यानात येईल.

‘ताकदीच्या बाटली’विषयीचा गैरसमजही येथेच दूर व्हावा. साध्या सलाईनच्या ५०० मि.लि. मध्ये साडेचार ग्रॅम मीठ असते, दुसरे काही नाही. ५ टक्के ग्लुकोजच्या तेवढ्याच बाटलीत २५ ग्रॅम, म्हणजे सुमारे पाच चमचे साखर असते. ज्याला तोंडाने घेता येते त्याने पेज आणि डाळ-भात घेतल्यास याहून कितीतरी अधिक शक्ती मिळते. अतिसारात तर मीठ-साखरेचे योग्य प्रमाणातील पाणी पाजणे पुष्कळदा पुरेसे ठरते. १९७१ मध्ये बांगलादेशाच्या निर्वासितांसाठी बनगाव येथे उघडलेल्या छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी, सलाईनच्या बाटल्या अपुऱ्या पडत असताना, हेच पाणी पाजून असंख्य पटकीग्रस्तांचे प्राण वाचविले. जो रुग्ण पिऊ शकत नाही, ज्याला सतत वांत्या होतात किंवा जो निपचित पडला आहे, त्याच्यासाठी सलाईन राखून ठेवावी. जी सुई आवश्यकच नव्हती ती न टोचणे, ही सर्वांत सुरक्षित सुई होय.

सुई टोचल्यानंतर

काम झालेल्या सुईला पुन्हा टोपण बसवू नये. पुष्कळ इजा याच क्षणी होतात. सुई जागच्या जागी कापून पांढऱ्या, न भोसकणाऱ्या डब्यात टाकावी. २०१६ च्या जैववैद्यकीय कचरा नियमांनुसार सिरिंजचा प्लॅस्टिकचा भाग व सलाईनच्या नळ्या लाल पिशवीत, काचेच्या कुप्या निळ्या खुणेच्या पेटीत आणि रक्ताने भरलेला कापूस पिवळ्या पिशवीत जावयास हवा.

परिचारिकेच्या बोटात वापरलेली सुई घुसलीच तर जखम साबण-पाण्याने धुवावी. ती पिळू नये व बोट तोंडात घालू नये. ताबडतोब वरिष्ठांना कळवावे. एच.आय.व्ही. चा धोका वाटल्यास प्रतिबंधक औषध शक्य तर दोन तासांत आणि कोणत्याही स्थितीत ७२ तासांच्या आत सुरू करून २८ दिवस घ्यावयाचे असते. ‘ब’ काविळीची लस प्रत्येक परिचारिकेने, तसेच कचरा उचलणाऱ्या कामगारानेही, आधीच पूर्ण घेतलेली असावी. इजा लपविण्यात शौर्य नाही. ती नोंदविणाऱ्या कर्मचाऱ्यास दोष देण्याची प्रवृत्तीही अधिकाऱ्यांनी सोडावी.

शेवटची पायरी नोंदीची. औषध दिल्यावर लगेच, देण्यापूर्वी नव्हे, औषधाचे नाव, मात्रा, मार्ग, जागा व वेळ लिहून सही करावी. नोंद नसेल तर पुढील पाळीची परिचारिका तीच मात्रा दुसऱ्यांदा देण्याचा संभव असतो.

प्रत्येकाचा वाटा

हे सारे ओझे एकट्या परिचारिकेच्या शिरावर टाकून भागणार नाही. उपकेंद्रापर्यंत सिरिंजा, सुई कापण्याचे यंत्र व कचऱ्याचे डबे वेळेवर पोहोचतात काय, औषध भरण्याच्या जागी पुरेसा उजेड व पाणी आहे काय, याची तपासणी अधिकाऱ्यांनी करावी. परिचारिका औषध भरीत असताना तिला अन्य कामासाठी हाक मारू नये, एवढा साधा नियम पाळला तरी कित्येक चुका टळतील.

शिक्षकांचे साहाय्य मोलाचे आहे. उकिरड्यावर पडलेली सिरिंज मुलांना शिमग्याची पिचकारी वाटते. ती उचलू नये आणि मोठ्या माणसास दाखवावी, हे शाळेत एकदा नीट सांगितले तर ते घराघरांत पोहोचेल.

आणि ग्रामस्थांनी? त्यांनी तीन प्रश्न निःसंकोचपणे विचारावेत : ‘ही सुई खरोखरच हवी काय? गोळीने भागेल काय? सिरिंजचे पाकीट माझ्यासमोर फोडता काय?’ जी परिचारिका आपल्या कामात दक्ष आहे तिला या प्रश्नांचा राग येणार नाही. ती पाकीट रुग्णासमोर फोडील, त्याचे पूर्ण नाव विचारील आणि मगच सुई हाती घेईल. रुग्ण प्रश्न विचारू लागला आणि परिचारिका त्याला शांतपणे उत्तर देऊ लागली, की मोडाशासारख्या आपत्तीची वाट गावोगावी बंद होण्यास प्रारंभ झाला असे समजावे.